प्रकाशाचा कर्ता कोण?

२०२५ साली गुरुदत्त पदुकोण यांची जन्मशताब्दी झाली. कोकणी बोलणाऱ्या सारस्वत घरातला हा कलावंत. तेव्हा आपल्या मंडळींनी त्याचे गुणगान केले, ते योग्यच झाले. परंतु अशाच एका समारंभाची पत्रिका आमच्यासमोर आहे. तीत नट आहेत, गायक आहेत, देणगीदार तर आहेतच, व्ही. के. मूर्ती मात्र नाहीत. ही आम्ही उघड कृतघ्नता समजतो.

मूर्ती म्हैसूरचे. 'बाजी'च्या (१९५१) वेळी ते साहाय्यक होते. पुढच्याच वर्षी 'जाल'साठी गुरुदत्तांनी छायालेखन त्यांच्यावर सोपविले. 'प्यासा' (१९५७) आणि 'साहिब बीबी और गुलाम' (१९६२) त्यांचेच. 'कागज के फूल'मध्ये (१९५९) रिकाम्या स्टुडिओच्या अंधारात तिरपा उतरणारा तो झोत आठवावा. मूर्तींनी बाहेरचे ऊन आरशांवर झेलून आत वळविले होते. दोन माणसे, त्यांच्यामधले अंतर आणि तो झोत. संवादाची गरजच उरली नाही. समईच्या उजेडात देवाचे मुख पाहणाऱ्यांस हे सांगावयास नको, की भोवतीचा अंधार राखल्यावाचून उजेडाला अर्थ येत नाही.

आता कायदा पाहा. आपल्या कॉपीराइट कायद्याप्रमाणे छायाचित्राचा कर्ता म्हणजे ते घेणारा. चित्रपटाचा कर्ता मात्र निर्माता. म्हणजे लग्नात फोटो काढणारा कर्ता ठरतो, आणि 'कागज के फूल' टिपणारा कोणीच नव्हे! २०१२ च्या दुरुस्तीने गीतकार-संगीतकारांना स्वामित्वधनात वाटा मिळाला. छायालेखकाची ओंजळ रितीच राहिली.

निर्माता पैसा घालतो, जोखीम पत्करतो, असे यावर सांगितले जाते. मान्य, मालकी त्याची असो. परंतु सभामंडपाला देणगी देणारा काही पाथरवट ठरत नाही. देणगीदाराचे नाव आपण शिळेवर कोरतो; पाथरवटाचे कोठे कोरतो? कायदा आपल्याच सवयीवर गेला आहे, दुसरे काय!

दादासाहेब फाळके पुरस्कार १९६९ पासून दिला जातो. छायालेखक म्हणून तो प्रथम मिळाला मूर्तींना, २००८ सालचा. तेव्हा त्यांनी ऐंशी ओलांडली होती. २०१४ साली ते निवर्तले.

कायदा बदलावयास संसद हवी; पत्रिकेत एक ओळ वाढवावयास नको. कन्नड आणि मराठी एकाच ओसरीवर बसणाऱ्या आमच्या कमलनगरात तरी यापुढे गुरुदत्तांच्या नावाशेजारी मूर्तींचे नाव घेतले जावे, एवढीच आमची मागणी आहे.