परवान्याचा वारसा

न्गुगी वा थिओंगो 28 मे 2025 रोजी अमेरिकेत वारले. त्यानंतर मराठीत जे थोडेबहुत लिहून आले ते आम्ही वाचले, आणि सगळीकडे एकच वाक्य वेगवेगळ्या शब्दांत भेटले: इंग्रजी सोडून मातृभाषेत लिहिणारा लेखक गेला. हे वाक्य खोटे नाही. वर्गात आम्हीही वर्षानुवर्षे तेच सांगत आलो आहोत. देशीवादावरचा प्रश्न आला की न्गुगींना साक्षीदार म्हणून उभे करायचे, त्यांच्याकडून भाषाभिमानाची साक्ष वदवून घ्यायची आणि पुढच्या मुद्द्याकडे वळायचे, अशी आमची रीत. ही साक्ष अर्धीच नोंदवली जाते, असे आता आम्हांला वाटू लागले आहे. अर्ध्यावर राहिलेला भाग भाषेपेक्षा सत्तेविषयी अधिक बोलतो.

1977 या एकाच वर्षातल्या दोन घटना शेजारी ठेवून पाहाव्यात. जुलैमध्ये न्गुगींची 'पेटल्स ऑफ ब्लड' ही इंग्रजी कादंबरी प्रसिद्ध झाली. स्वातंत्र्यानंतरच्या केनियात जमिनी कुणी बळकावल्या, लढलेली माणसे रस्त्यावर कशी आली, नवे धनिक जुन्या गोऱ्या मालकांच्या खुर्चीत कसे जाऊन बसले, हे सारे तीत नागडेपणाने आले आहे. या कादंबरीचे प्रकाशन नैरोबीत थाटाने झाले आणि ते केले मुआई किबाकी यांनी. किबाकी त्या वेळी अर्थमंत्री होते. पुढे ते राष्ट्राध्यक्षही झाले. जिने राज्यकर्त्या वर्गाचे वाभाडे काढले, त्या कादंबरीचे स्वागत त्याच वर्गाने केले.

त्याच वर्षी 2 ऑक्टोबरला लिमुरूजवळच्या कामिरिथू या वस्तीत 'न्गाहिका न्देंडा' हे गिकुयू भाषेतले नाटक सुरू झाले. नावाचा अर्थ साधारण 'वाटेल तेव्हा लग्न करीन' असा. ते न्गुगी वा थिओंगो आणि न्गुगी वा मिरी या दोघांनी मिळून लिहिले होते. नाटकाचा विषय कादंबरीहून फार निराळा नाही. कीगुंडा या शेतमजुराच्या मालकीची दीड एकर जमीन आहे आणि तिचा कागद त्याने घरात भिंतीवर लावून ठेवला आहे. एका श्रीमंत कुटुंबाशी सोयरीक जुळेल या आशेने तो नवरा-बायकोचे लग्न चर्चमध्ये नव्याने लावायला तयार होतो, त्यासाठी तोच कागद तारण ठेवून कर्ज काढतो आणि शेवटी जमीन गमावतो. हे कथानक आम्ही वर्गात सांगितले तेव्हा मुलांना काही समजावून द्यावे लागले नाही. सातबारा, सोसायटीचे कर्ज आणि लग्नाचा खर्च या तीन गोष्टी आमच्या मुलांना आमच्याहून अधिक ठाऊक असतात.

16 नोव्हेंबरला जिल्हा प्रशासनाने सार्वजनिक जमावासाठी दिलेला परवाना काढून घेतला आणि नाटक बंद पडले. वर्ष संपता संपता न्गुगींना घरातून उचलून नेण्यात आले. खटला नाही, आरोपपत्र नाही. कामिटीच्या तुरुंगात स्थानबद्धता. केन्याटा ऑगस्ट 1978 मध्ये वारले, मोई सत्तेवर आले आणि त्या वर्षीच्या डिसेंबरात न्गुगी सुटले. तुरुंगात असताना त्यांनी शौचालयात वापरायच्या कागदावर गिकुयूतली आपली पहिली कादंबरी लिहून काढली. ही हकिगत सर्वांच्या तोंडी आहे. आमच्या मते ती जरा जास्तच सांगितली जाते, कारण तीत पराक्रमाची चव आहे. परवाना रद्द होण्यात तशी चव नाही. तो एक कोरडा कारकुनी व्यवहार आहे. आणि म्हणूनच त्याच्याकडे नीट पाहायला हवे.

इंग्रजी कादंबरीला मंत्री येतात आणि गावातल्या नाटकाला पोलीस येतात, हे का? भाषेमुळे, असे उत्तर चटकन सुचते. पण निव्वळ गिकुयू भाषेला भिण्याचे कारण केन्याटांना नव्हते. ती त्यांचीही मातृभाषा होती. भीती होती ती त्या भाषेतून समोर जमणाऱ्या माणसांची. कामिरिथूला चहामळ्यांतल्या बायका, बुटांच्या कारखान्यातले कामगार, भूमिहीन मजूर येत. खुले नाट्यगृह त्यांनीच श्रमदानाने उभे केले. तालमी उघड्यावर चालत आणि बघणारे लोक संहितेत चुका काढत. म्हातारे माणूस असे बोलणार नाही, ही म्हण अशी नाही, लढ्यातले हे गाणे वेगळ्या चालीवर आहे, असे सांगून त्यांनी दोन्ही लेखकांना दुरुस्त केले. नैरोबी विद्यापीठात साहित्य शिकवणारा माणूस तिथे विद्यार्थी झाला. न्गुगींनी भाषा बदलली असे आपण म्हणतो. पण त्याआधी त्यांचा श्रोता बदलला होता.

आणखी एक तपशील आम्हांला विलक्षण वाटतो. कामिरिथू ही वस्तीच मुळी ब्रिटिशांच्या बंदोबस्ताची निर्मिती. 1952 पासूनच्या आणीबाणीत माउ माउ बंडखोरांना गावकऱ्यांचा आसरा मिळू नये म्हणून विखुरलेली घरे पाडून लोकांना एकत्र कोंबण्यात आले, त्यातून अशी गावे झाली. लोकांवर नजर ठेवण्यासाठी वसवलेल्या जागेत लोकांनीच रंगमंच बांधला, आणि स्वतंत्र देशाच्या पोलिसांनी 1982 मध्ये तो जमीनदोस्त केला. जमाव जमवायचा तर सरकारी परवाना हवा, ही पद्धत गोऱ्या अंमलाची. ती 12 डिसेंबर 1963 ला झेंड्याबरोबर खाली उतरली नाही.

इथे मराठी वाचकाने दुसऱ्याच्या घराकडे बोट दाखवून थांबू नये. 1876 चा नाट्यप्रयोग कायदा आपल्याकडे ब्रिटिशांनी आणला. खाडिलकरांच्या 'कीचकवधा'वर 1910 साली बंदी आली ती कीचकात प्रेक्षकांना कर्झन दिसत होता म्हणून. हे आपण अभिमानाने शिकवतो. पण तो कायदा केंद्राच्या पुस्तकातून निघायला स्वातंत्र्यानंतर सत्तर वर्षे लागली, 2017 च्या निरसन कायद्याची वाट पाहावी लागली, हे फारसे शिकवत नाही. 1972 मध्ये तेंडुलकरांच्या 'सखाराम बाइंडर'ला परिनिरीक्षण मंडळाने अडवले आणि प्रकरण मुंबई उच्च न्यायालयापर्यंत गेले, तेव्हा मंडळावर बसलेली माणसे मराठीच होती. राज्य आपले झाले, भाषा आपली होती, आणि शिक्काही आपलाच.

'वसाहतोत्तर' या शब्दातल्या 'उत्तर'विषयी आमची तक्रार आहे ती ही. चर्चासत्रांतून या शब्दाचा अर्थ 'गोऱ्यांविषयीचा राग' एवढाच उरला आहे. तो राग सुरक्षित असतो. त्याला अनुदानही मिळते. न्गुगींनी हेन्री ओवुओर-अन्युम्बा आणि ताबान लो लियोंग यांच्यासह 1968 मध्ये नैरोबी विद्यापीठाचा इंग्रजी विभाग मोडून काढावा असे टिपण लिहिले, तेव्हाही त्यांना कुणी तुरुंगात टाकले नाही. विद्यापीठाच्या भिंतींच्या आतले बंड नव्या राज्याला सोसत होते.

न्गुगींच्या बाबतीतही भाबडेपणा नको. 1986 च्या 'डिकॉलनायझिंग द माइंड'मध्ये त्यांनी इंग्रजी लेखनाचा निरोप घेतला खरा. पण पुढे परदेशात राहून लिहिलेल्या आठवणी आणि निबंध बहुतांशी इंग्रजीतच आले. आम्ही हे दोष म्हणून सांगत नाही. समोरचे कामिरिथू गेल्यावर लेखकाचे काय होते, ते यातून दिसते. त्यांची गिकुयू कादंबरी दारूच्या गुत्त्यांत मोठ्याने वाचली जाई, आणि वाचणारा रंगतदार जागी थांबून आधी आपला पेला भरून घेई, असे त्यांनी लिहून ठेवले आहे. पोथी लावणाऱ्या बुवांची आठवण व्हावी असे हे वर्णन. कॅलिफोर्नियात असा गुत्ता कुठून मिळणार?

आणि आमचे काय? ऑक्टोबर 2024 मध्ये मराठीला अभिजात दर्जा मिळाला, तेव्हा आम्हीही पेढे खाल्ले. पण आम्ही मराठीत लिहितो ते कुणासाठी? आमचे समीक्षालेख गावाकडचे आमचे भाऊ वाचत नाहीत, आणि त्यांनी वाचले तर त्यांना ते इंग्रजीइतकेच परके वाटतील. मराठीत लिहूनही 'पेटल्स ऑफ ब्लड'च्या बाजूला राहता येते. आमच्या लेखनाने आजवर एकाही अधिकाऱ्याची झोप उडालेली नाही, ही काही नुसती नम्रता नव्हे.

गेल्या सत्रात एम.ए.च्या मुलांनी कीगुंडाची गोष्ट आपापल्या बोलीत सांगून पाहिली. एकीने भिंतीवरच्या कागदाच्या जागी सातबारा आणला, दुसऱ्याने चर्चमधल्या लग्नाच्या जागी तालुक्याचे मंगल कार्यालय. भाषेवरून भांडणे झाली; एका मुलाच्या आईने फोनवरून दोन वाक्ये दुरुस्त केली आणि ती दुरुस्तीच सर्वांत चांगली ठरली. आता मुलांना याचा प्रयोग बाजाराच्या दिवशी चौकात करायचा आहे. त्यासाठी कुणाकुणाची परवानगी लागते, याची यादी सध्या आम्ही करीत आहोत.