भोपाळ आणि पानिपत

मी बालाघाटचा. आमच्या मराठी घरांत परीक्षा बुडाली तरी ‘पानिपत झाले’ म्हणतात आणि दोष दैवाला देतात. मला हे पटत नाही. १७३७ साली भोपाळला बाजीरावांनी निजामाला कोंडले, रसद तोडली आणि १७३८ च्या जानेवारीत तह लिहून घेतला. पुढे तोच डाव आपल्यावर उलटला. ऑक्टोबर १७६० मध्ये अब्दाली यमुना उतरून सदाशिवरावभाऊंच्या दक्षिणेच्या वाटेवर बसला. छावणीत यात्रेकरू, बायकामुले. धान्य संपत चाललेले. त्याची रसद मारणारे गोविंदपंत बुंदेले डिसेंबरात पडले. १४ जानेवारी १७६१ ला उपाशी फौज लढली. शौर्य उणे नव्हते. परतीची वाट राखलेली नव्हती. मित्रहो, यात दैवाचा काय दोष?