चाक बसले, पण जुळले का?

लग्न ठरवताना छत्तीसपैकी किती गुण जुळतात हे बघायला आपल्याकडची माणसे पंचांग घेऊन बसतात. फ्लॅट घेताना वकिलाकडून कागद तपासून घेतात. साधी साडी घेतली तरी तिच्यावर जुळणारे ब्लाउजपीस मिळेपर्यंत चार दुकाने पालथी घालतात. पण ज्या चार टायरांच्या भरवशावर आपण बायकामुलांना बसवून भर पावसात खंबाटकीचा घाट उतरतो, ते घेताना दुकानदाराला आपला एकच प्रश्न असतो, "बसेल ना?" तो म्हणतो, "बसेल की!" आणि व्यवहार संपतो. दुकानदार खोटे बोलत नाही. आपला प्रश्नच अपुरा असतो.

मी बँकेत अधिकारी होतो. वाहनकर्जाच्या अर्जांवर वर्षानुवर्षे सह्या केल्या. आमच्याकडे कर्जदाराचा पगार, जामीनदार, विम्याचा कागद, सगळे बारकाईने तपासले जाई. बँकेच्या त्या नोकरीने मला एक खोड लावली; सही करण्यापूर्वी कागदावरचे बारीक अक्षर वाचायचे. टायर हाही माझ्या दृष्टीने असाच एक दस्तऐवज आहे. त्याच्या अटी त्याच्या अंगावरच उठवलेल्या असतात. फक्त त्या काळ्यावर काळ्या असल्याने कुणी वाचत नाही.

हे आज लिहिण्याचे कारण म्हणजे आपल्या सोसायट्यांच्या आवारात अजून तग धरून असलेल्या जुन्या छोट्या गाड्या. उदाहरणादाखल मारुती ८०० घेऊ. १४ डिसेंबर १९८३ रोजी इंदिरा गांधींच्या हस्ते पहिल्या ग्राहकाला तिची किल्ली मिळाली आणि जानेवारी २०१४ मध्ये तिचे उत्पादन थांबले. या तीस वर्षांत किती मराठी घरांत पहिली गाडी म्हणून ती आली याची मोजदाद नको. आज तिच्यापैकी उरलेल्यांना इंजिनाचे सामान मिळते, मेकॅनिक मिळतो. टायरच्या दुकानात मात्र बऱ्याचदा उत्तर येते, "हा साइज आता येत नाही साहेब, दुसरा टाकून देतो."

हा 'दुसरा' काय असतो ते समजून घेऊ. ८००च्या मूळ टायरवर १४५/७० आर १२ असे लिहिलेले असते. त्यातला १४५ म्हणजे टायरची रुंदी, मिलिमीटरमध्ये. ७० म्हणजे रिमच्या कडेपासून जमिनीपर्यंतची टायरची उंची, पण ती रुंदीच्या टक्क्यांत. म्हणजे १४५चे ७० टक्के, साडेएकशेएक मिलिमीटर. आर म्हणजे रेडियल. १२ म्हणजे रिमचा व्यास, आणि तो मात्र इंचांत. एकाच ओळीत मिलिमीटर, टक्के आणि इंच! आमच्या बँकेतल्या जुन्या खातेवह्यांतही एवढा गोंधळ नव्हता. त्यापुढे ६९ एस असे काही असते. ६९ हा वजनाचा सांकेतिक आकडा, त्याचा अर्थ एका टायरवर ३२५ किलोपर्यंत भार. आणि एस म्हणजे ताशी १८० किलोमीटरपर्यंतची वेगमर्यादा.

आमच्या सोसायटीत एका निवृत्त गणित शिक्षिकेकडे अशी ८०० आहे. त्या टायर घ्यायला निघाल्या तेव्हा सोबत म्हणून मीही गेलो. दुकानदार अदबीने म्हणाला, "मॅडम, ऑल्टोचा टाकून देतो. तोपण बारा इंचीच आहे. मस्त बसतो."

बाई म्हणाल्या, "बसतो ते कळलं हो. पण चाक केवढं मोठं होतं ते सांगा."

दुकानदार गप्प झाला. मग बाईंनी त्याच्याच बिलबुकाच्या पाठीवर हिशेब मांडला. ऑल्टोचा बारा इंची टायर १४५/८० असतो. मूळ चाकाचा व्यास : दोन्ही बाजूंचे साडेएकशेएक मिळून २०३, अधिक बारा इंचांचे ३०४.८; एकूण ५०७.८ मिलिमीटर. ऑल्टोचा : दोन्ही बाजूंचे ११६ मिळून २३२, अधिक तेच ३०४.८, एकूण ५३६.८. फरक २९ मिलिमीटरचा, म्हणजे जवळजवळ पावणेसहा टक्के. सर्वसाधारण संकेत असा की, मूळ चाकापेक्षा दोन-तीन टक्क्यांहून जास्त फरक पडू देऊ नये.

पावणेसहा टक्के म्हणजे काय, हे बँकवाल्याला विचारा! वेगाचा काटा चाकाचे फेरे मोजतो, रस्ता मोजत नाही. चाक मोठे झाले की एका फेऱ्यात गाडी जास्त पुढे जाते. काटा ८० दाखवत असेल, तर गाडी त्याच्या हिशेबापेक्षा पावणेसहा टक्के जास्त वेगाने धावत असते, म्हणजे साडेचौऱ्याऐंशीच्या आसपास. गाड्या बनवणारे मुळात काटा थोडा जास्तच दाखवेल अशी सोय ठेवतात. आम्ही बँकेत ज्याला मार्जिन म्हणत असू, तेच हे. मोठे टायर घालून आपण ते मार्जिन खाऊन टाकतो. शिवाय ७९६ सीसीचे ते इवलेसे इंजिन. मोठ्या चाकाने प्रत्येक गिअर जड होतो. सपाटीवर हे जाणवत नाही. चार माणसे आणि डिकीत सामान घेऊन घाट चढताना जाणवते.

दुकानदाराची बाजूही ऐकली पाहिजे. तो म्हणाला, "मॅडम, गाडी उंच होते, खड्ड्यात घासत नाही." हे खरे आहे. गाडी साधारण दीड सेंटिमीटर वर उचलली जाते, आणि आपले रस्ते बघता दीड सेंटिमीटर ही काही थट्टा नव्हे. अनेकांनी वर्षानुवर्षे असे टायर वापरले आणि काही बिघडले नाही, हेही मी ऐकले आहे. गावात भाजी आणायला, ताशी तीसच्या वेगाने जाताना काही बिघडत नाहीच. पण टायरची परीक्षा भाजीमंडईत होत नाही. ती होते भरलेल्या गाडीत, ओल्या रस्त्यावर, अचानक ब्रेक दाबावा लागतो तेव्हा. जामीनदाराची परतफेडीची ताकदही हप्ते सुरळीत चालू असताना कळत नाही.

सगळेच पर्याय वाईट असतात असे नाही. जुन्या सँट्रोचा टायर १५५/७० आर १३. त्याऐवजी १६५/६५ आर १३ घेतला, तर व्यास ५४७.२ वरून ५४४.७ होतो, फरक अर्धा टक्का. रिमच्या रुंदीला तो चालत असेल आणि वजनाचा आकडा मूळ आकड्याहून कमी नसेल, तर हे स्थळ जुळले म्हणायला हरकत नाही. मात्र 'तेराचा तेरा' म्हणून १६५/७० घातला, तर फरक अडीच टक्क्यांपुढे जातो. रिमचा इंच दोन्हींचा एकच. पत्रिका मात्र वेगळी. सुज्ञपणे केलेला बदल आणि 'चालून जाईल' म्हणून केलेला बदल यांत पाच मिनिटांच्या गुणाकाराचे अंतर असते.

रिम बदलणाऱ्यांसाठी तर आणखी चार कलमे आहेत. घरातल्या तरुण मुलाला वाढदिवसाला जुनी गाडी मिळते आणि पहिल्याच महिन्यात त्याला अलॉय व्हील्स हवी असतात. माझा त्याच्या हौसेला विरोध नाही. पण चार भोके दिसली म्हणजे चाक आपल्या गाडीचे झाले असे नाही. ती भोके ज्या वर्तुळावर पाडलेली असतात त्याचा व्यास ८००ला ११४.३ मिलिमीटर, म्हणजे बरोबर साडेचार इंच, लागतो; सँट्रोला आणि स्विफ्टला १०० लागतो. दुसरे, चाकाच्या मधले भोक हबवर नेमके बसले पाहिजे. सैल असेल तर त्या मापाची कडी घालावी लागते, नाहीतर स्टिअरिंग थरथरते. तिसरे, चाक हबपासून किती आत किंवा किती बाहेर बसते ते माप. चाक फार बाहेर आले तर बेअरिंगवर ताण आणि मडगार्डला घासणे, फार आत गेले तर आतल्या भागांना घासणे. चौथे, नट. जुन्या रिमचे नट नव्या रिमच्या खोबणीत नीट टेकतीलच असे नाही. आणि नवे चाक लावल्यावर शंभरेक किलोमीटरनंतर नट पुन्हा आवळून बघावेत.

कायदाही याबाबतीत मुका नाही. मोटार वाहन कायद्याचे ५२वे कलम आणि त्यावरचा सर्वोच्च न्यायालयाचा जानेवारी २०१९चा निकाल यांचा मथितार्थ असा की, कारखान्याने दिलेली आणि नोंदणीत आलेली गाडीची मूळ वैशिष्ट्ये मालकाला मनाला येईल तशी बदलता येत नाहीत. शिवाय टायरची नक्षी झिजून १.६ मिलिमीटरच्या खाली गेली की तो टायर नियमाने बाद. समृद्धी महामार्गाचा नागपूर ते शिर्डी हा पहिला टप्पा डिसेंबर २०२२ मध्ये सुरू झाला आणि पुढच्याच वर्षी परिवहन खात्याला गाड्यांचे टायर तपासण्याची मोहीम काढावी लागली. सिमेंटचा सरळ रस्ता, उन्हाळा आणि तासन्‌तास एकच वेग. टायर तापायला आणखी काय हवे?

पण माझा खरा आक्षेप टायरच्या मापापुरता नाही. तो आपल्या घरातल्या वाटणीबद्दल आहे. दारात दोन गाड्या असल्या की नवीन गाडीला उत्तम टायर, वेळच्या वेळी बॅलन्सिंग, अलाइनमेंट. जुनीला नवीनचे उतरवलेले, नाहीतर कुठूनतरी मिळालेले, जे 'बसतात' ते. लहान भावाला थोरल्याचे उतरलेले शर्ट घालावेत तसे. आता ही जुनी गाडी घरात कोण चालवते ते बघा. नुकतेच लायसन्स काढलेली मुलगी. नातवंडांना शाळेत सोडणारी सून. दवाखान्यात जाणारे आजोबा. म्हणजे घरातला सर्वांत नवखा चालक आणि सर्वांत अशक्त प्रवासी यांच्या वाट्याला आपण सर्वांत वाईट टायर देतो आणि वर म्हणतो, "जुनी गाडी आहे, लागली-ठोकली तरी चालेल." गाडीला लागले तर चालेल हो, आत बसलेल्याचे काय?

जुन्या गाडीचा आणखी एक छुपा रोग म्हणजे टायरचे वय. गाडी वर्षाला दोन-तीन हजार किलोमीटर चालते, नक्षी शाबूत दिसते, म्हणून आपण निर्धास्त असतो. पण रबर उभ्या उभ्याही म्हातारे होते. टायरच्या बाजूवर चार आकड्यांचा एक शिक्का असतो. २३१४ असेल तर २०१४ सालचा तेविसावा आठवडा. पाच वर्षांनंतर दरवर्षी जाणकाराकडून तपासणी आणि नक्षी कितीही चांगली दिसली तरी दहा वर्षांनंतर निवृत्ती, असा सल्ला टायर बनवणारेच देतात. आम्हाला बँकेने साठाव्या वर्षी निवृत्त केले. टायरला दहा वर्षे पुष्कळ झाली. आणि स्टेपनीचेही वय मोजा. डिकीच्या अंधारात ती गाडीच्या जन्मापासून पडून असते.

मग करावे काय? मूळ मापाचा टायर मागवा आणि आठवडाभर थांबायची तयारी ठेवा; लग्नाचा मुहूर्त टळत नाहीये. एका दुकानात नसेल तर दुसरीकडे विचारा. मिळालाच नाही, तर पर्यायाचा व्यास स्वतः काढा, वजनाचा आकडा मूळ आकड्याहून खाली जाऊ देऊ नका, आणि चारही चाके एकाच मापाची घ्या. दोनच नवे घ्यायचे असतील तर ते मागे लावायला सांगा. इंजिन पुढची चाके ओढते म्हणून लोक नवे टायर पुढे लावतात. पण ओल्या रस्त्यावर मागची चाके घसरली तर गाडी भोवऱ्यासारखी फिरते आणि नवख्या चालकाला ती सावरत नाही. हवा किती भरायची हे पंपावरच्या पोराला न विचारता गाडीसोबत आलेल्या पुस्तिकेत बघा.

दुकानदारांनाही एक विनंती. वेगळे माप देत असाल, तर बिलावर जुने माप, नवे माप आणि व्यासातला फरक लिहून द्या. औषधाच्या दुकानात दुसऱ्या कंपनीची गोळी देताना सांगतात, तेवढेच. गिऱ्हाईक पळून जाणार नाही. उलट दुसऱ्या वेळी विचारत येईल. त्या दिवशी आमच्या बाईंना मूळ मापाचे चार टायर नऊ दिवसांनी मिळाले, त्याच दुकानात. दुकानदाराने ते मागवले, कारण कुणीतरी नेमके मागितले होते. मागणी नसते म्हणून माल येत नाही, आणि माल नसतो म्हणून आपण मागत नाही. हे दुष्टचक्र गिऱ्हाईकानेच तोडायचे असते.

आज रविवार आहे. हा लेख वाचून झाल्यावर चष्मा आणि बॅटरी घेऊन पाच मिनिटे खाली गाडीपाशी जा. गुडघे कुरकुरतील, तरी बसा. चार टायरांवरचे आणि स्टेपनीवरचे माप, वजनाचा आकडा आणि तो चार आकड्यांचा शिक्का एका कागदावर उतरवून घ्या. पाच ओळींचा मजकूर आहे. मग तो पुस्तिकेशी ताडून बघा, आणि त्यानंतरच गाडीची किल्ली मुलीच्या हातात द्या.