कडेगावचे ताबूत: पुण्यात 1894 साली तुटलेला धागा इथे कसा टिकला?

2025 मध्ये 6 जुलैला आषाढी एकादशी आणि मोहरमचा दहावा दिवस एकत्र आले. 2018 ते 2020 ही सलग तीन वर्षे मोहरम गणेशोत्सवात आला होता. असा योग आला की बंदोबस्ताची चर्चा आधी होते. सांगली जिल्ह्यात कराड-विटा रस्त्यावर असलेल्या कडेगावची ओळख मात्र मोहरममध्ये हिंदू-मुस्लीम एकत्र येतात म्हणूनच आहे.

कडेगावात नेमके काय होते?

करबलाच्या लढाईत इ.स. 680 मध्ये इमाम हुसेन शहीद झाले. मोहरम हा त्यांच्या स्मरणाचा, शोकाचा काळ. ताबूत म्हणजे त्यांच्या कबरीची प्रतिकृती. कडेगावचे ताबूत गगनचुंबी म्हणून ओळखले जातात. बांबू, चिकणमाती, सुतळी आणि रंगीत कागद वापरून उभारलेले मोठे ताबूत शंभर फुटांहून उंच असतात. ते खांद्यांवरून मैदानात आणतात आणि हजारो लोकांसमोर त्यांच्या ‘भेटी’ होतात. सोबत मेळ्यांची गाणी असतात. हिंदू-मुस्लीम ऐक्य हा त्यांचा नेहमीचा विषय. ही परंपरा दीडशे वर्षांहून जुनी असल्याचे सांगितले जाते.

मग पुण्यात काय घडले होते?

एकोणिसाव्या शतकात हे चित्र केवळ कडेगावचे नव्हते. पुण्यासह अनेक गावांत हिंदू मोहरममध्ये उत्साहाने भाग घेत. कुणी ताबूत बसवत, कुणी वाजंत्री पुरवत, कुणी सोंगे घेऊन नाचत. 1893 च्या ऑगस्टमध्ये मुंबईत हिंदू-मुस्लीम दंगल झाली आणि वातावरण बदलले. 1894 पासून पुण्यात सार्वजनिक गणेशोत्सवाने मोठे रूप घेतले. लोकमान्य टिळकांच्या ‘केसरी’ने त्याला बळ दिले. त्याच सुमारास हिंदूंनी ताबुतांपासून दूर राहावे असा प्रचार झाला आणि अनेकांनी मोहरमकडे पाठ फिरवली.

गंमत अशी की माणसे दूर गेली, पण मिरवणुकीची रीत त्यांच्यासोबत आली. एकसारख्या पोशाखातल्या मुलांचे, गाणी म्हणत चालणारे गणेशोत्सवातील मेळे अभ्यासकांना मोहरमच्या मेळ्यांची आठवण करून देतात. पुढे याच मेळ्यांतून अनेक कलावंत रंगभूमीवर आणि चित्रपटांत गेले.

कडेगावात धागा का तुटला नाही?

एक कारण ताबुतांच्या मालकीत दिसते. इथल्या चौदा ताबुतांपैकी निम्मे हिंदूंचे आहेत. देशपांडे, पाटील, बागवान, अत्तार ही ताबुतांची नावेच पुरेशी बोलकी आहेत. पुण्यात दुसऱ्याच्या सणाला जाणे थांबवायचे होते. कडेगावात त्यासाठी घरचाच ताबूत बंद करावा लागला असता, आणि मिरवणुकीतला मान सोडावा लागला असता. गावात मान सहजासहजी कुणी सोडत नाही.

दुसरे कारण कामाच्या पद्धतीत आहे. हे ताबूत ‘आधी कळस, मग पाया’ अशा रीतीने बांधतात. वरचा मजला आधी तयार होतो, तो उचलून खाली पुढचा जोडला जातो. हे काम एका घराच्या आवाक्यातले नाही. उचलायला, तोल सांभाळायला गावच लागतो.

आज याचा अर्थ काय?

सलोखा म्हटले की आपण भाषणे आणि शांतता समितीच्या बैठका डोळ्यांसमोर आणतो. त्या गरजेच्या आहेतच. पण 1894 चा अनुभव सांगतो की केवळ पाहुणा म्हणून होणारा सहभाग एका मोहिमेत संपू शकतो. कडेगावात सहभागाला हक्क, जबाबदारी आणि कष्ट यांची जोड आहे.

हिजरी वर्ष सौर वर्षापेक्षा सुमारे अकरा दिवसांनी लहान असते, म्हणून मोहरम दरवर्षी मागे सरकतो. गणेशोत्सवाशी त्याची पुढची गाठ 2050 च्या सुमारास पडेल. तेव्हा ताबूत उचलणारे हात आज गावात लहानाचे मोठे होत आहेत. त्यांना बांबू बांधायला कोण शिकवते आणि सोबत कोण उभे असते, यावर पुढचे बरेच अवलंबून आहे.