मौन म्हणजे संमती नव्हे

मौन ही संमती समजण्याचा प्रघात जुना आहे. सभेत कोणी हरकत घेतली नाही, म्हणजे ठराव मंजूर झाला असे मानतात. सभेपुरता हा संकेत सोयीचा असेल. परंतु तोच बाजारपेठेस लावला, तर ग्राहकाचे स्वातंत्र्य कागदावर शाबूत राहूनही प्रत्यक्षात नाहीसे होऊ शकते. संगणकाच्या क्षेत्रातील ‘डिफॉल्ट’ या कल्पनेचे मर्म हेच आहे. वापरणाऱ्याने काहीच सांगितले नाही, तर जे आपोआप लागू होते ते डिफॉल्ट. इंटरनेटवरील पान कोणत्या ब्राउझरमध्ये उघडावे, हे कार्यालयातील कारकुनाने बहुधा कधीच ठरविलेले नसते. संगणक त्याच्या टेबलावर येण्यापूर्वीच ते ठरून गेलेले असते.

ही बाब वरवर क्षुल्लक वाटते. ती तशी नाही, हे अमेरिकन सरकारने १९९८ मध्ये मायक्रोसॉफ्ट कंपनीविरुद्ध दाखल केलेल्या खटल्याने दाखवून दिले. त्या काळी नेटस्केप कंपनीचा ब्राउझर लोकप्रिय होता. उद्या निरनिराळे प्रोग्राम ‘विंडोज’ऐवजी ब्राउझरच्याच आधाराने चालू लागले, तर विंडोजची मक्तेदारी डळमळेल, ही मायक्रोसॉफ्टची धास्ती होती. आपला ‘इंटरनेट एक्स्प्लोरर’ विंडोजबरोबर फुकट देऊन ती थांबली नाही. अनेक प्रोग्रामना सामाईकपणे लागणाऱ्या आज्ञा ज्यांत साठविलेल्या असतात, अशा ‘लायब्ररी’ फाइली विंडोजमध्ये असतात. इंटरनेटवरील पाने दाखविणाऱ्या आज्ञा आणि विंडोजच्या स्वतःच्या कामाच्या आज्ञा कंपनीने एकाच फाइलींत मिसळून टाकल्या. ब्राउझरच्या फाइली काढावयास जावे, तर सारी विंडोजच पंगू व्हावी! शिवाय, नको असलेले प्रोग्राम काढून टाकण्यासाठी जी यादी असते, तीतून एक्स्प्लोररचे नाव वगळण्यात आले.

संगणक तयार करणाऱ्या कंपन्यांच्या दृष्टीने याचा आर्थिक अर्थ स्पष्ट होता. एक ब्राउझर काढता येत नाही. त्याच्या जोडीला दुसरा ठेवावा, तर ग्राहकांच्या शंका निस्तरण्याचा खर्च वाढतो. तेव्हा दुसरा न ठेवणेच किफायतशीर. अशा रीतीने कोणावरही उघड बंदी न घालता प्रतिस्पर्ध्याची वाट अडविता आली. २००१ च्या जूनमध्ये वॉशिंग्टनच्या अपील न्यायालयाने कंपनीचे विभाजन करण्याचा खालच्या न्यायालयाचा आदेश रद्द केला. तथापि फाइलींची सरमिसळ आणि यादीतून नाव वगळणे, ही दोन्ही कृत्ये मक्तेदारी टिकविण्यासाठी केलेली व बेकायदेशीर ठरविली. काही प्रसंगी वापरणाऱ्याची निवड डावलून एक्स्प्लोररच उघडण्यामागे कंपनीने दिलेले तांत्रिक कारण मात्र न्यायालयाने ग्राह्य धरले. प्रत्येक जोडणी म्हणजे कारस्थान नव्हे, हा त्यातील विवेक ध्यानात ठेवण्याजोगा आहे.

यावर एक आक्षेप हमखास घेतला जातो. दुसरा ब्राउझर घेण्यास कोणाची मनाई आहे? पुढे गूगलच्या ‘क्रोम’ने एक्स्प्लोररला मागे टाकले, ते कसे? आक्षेप बिनतोड वाटतो. पण क्रोमच्या पाठीशी जगातील सर्वांत लोकप्रिय शोधपानाची जाहिरातशक्ती होती, आणि आज असंख्य अँड्रॉइड फोनांवर क्रोम आधीच बसविलेला असतो, हे विसरून चालणार नाही. डिफॉल्टची जागा खरोखरच नगण्य असती, तर तिच्यासाठी कोणी पैसे मोजले नसते. गूगलविरुद्धच्या अमेरिकन खटल्यात न्यायाधीश अमित मेहता यांनी ऑगस्ट २०२४ मध्ये दिलेल्या निकालात नमूद आहे की, आपले शोधयंत्र डिफॉल्ट राहावे म्हणून केलेल्या करारांपोटी त्या कंपनीने एकट्या २०२१ सालात २,६३० कोटी डॉलर दिले. ग्राहकाच्या मौनाचा एवढा भाव बाजाराने लावला. त्यातील एक पैही ग्राहकाच्या हाती रोख पडली नाही!

युरोपने निराळा उपाय योजला. संगणक सुरू करताच पडद्यावर अनेक ब्राउझरांची नावे दाखवून निवड करू देण्याचे मायक्रोसॉफ्टने २००९ मध्ये मान्य केले. परंतु मे २०११ ते जुलै २०१२ या काळात विंडोजच्या एका आवृत्तीतून तो पडदाच गायब झाला. सुमारे दीड कोटी लोकांना तो दिसला नाही, आणि २०१३ मध्ये कंपनीला ५६.१ कोटी युरोचा दंड झाला. पुढे २०२१ च्या ‘विंडोज ११’मध्ये ब्राउझर बदलण्यासाठी प्रत्येक प्रकारच्या फाइलीची निवड वेगवेगळी बदलावी लागे, टीका झाल्यावर २०२२ मध्ये एका बटणाची सोय आली. हक्क तोच, फक्त पायऱ्या वाढविल्या, तरी तो वापरणारे कमी होतात.

भारतातही हा प्रश्न दूरचा राहिलेला नाही. अँड्रॉइड फोनांवरील अशाच बांधणीबद्दल भारतीय स्पर्धा आयोगाने ऑक्टोबर २०२२ मध्ये गूगलला १,३३७.७६ कोटी रुपयांचा दंड केला. अपील न्यायाधिकरणाने २०२३ मध्ये आयोगाचे काही निर्देश रद्द केले, पण दंड कायम ठेवला.

दंड मात्र बहुधा बाजी संपल्यावर येतो. म्हणून नियमच आधी हवेत, आणि ते साधे असावेत. निवड पहिल्याच दिवशी विचारली जावी; ती एका पायरीत बदलता यावी; नको असलेली वस्तू बाकीचे न मोडता काढता यावी; आणि एकदा केलेली निवड पुढील सुधारित आवृत्तीनंतरही टिकावी. हे घडेपर्यंत शाळा-महाविद्यालयांतून संगणक शिकविताना तो चालवावा कसा याबरोबरच त्यातील निवडी कोणी केल्या आहेत आणि त्या बदलाव्यात कशा, हेही शिकविले पाहिजे. ज्याला विचारलेच नाही, त्याचे मौन संमती म्हणून खपविण्याचा अधिकार कोणत्याही विक्रेत्यास असू नये.