शत्रू नसताना बुडालेली जहाजे

युद्धात जहाज बुडाले की त्याचा इतिहास होतो. शांततेच्या काळात बुडाले की त्याची बातमी होते. आणि बातमीचे आयुष्य किती असते, हे आपण सर्व जाणतोच. दुसऱ्या दिवशी तिच्यात भजी बांधून मिळतात.

मी कुरकुंभचा. आमच्या गावापासून समुद्र इतका दूर, की गावातल्या कित्येक म्हाताऱ्या माणसांनी तो जन्मात पाहिलेला नाही. पाण्याची आमची ओळख विहिरीपुरती, टँकरपुरती, फार तर दौंडच्या पुलावरून दिसणाऱ्या भीमेपुरती. तेव्हा जिरायती भागातल्या मुलाने जहाजांविषयी लिहावे, याचे वाचकांना हसू येईल. परंतु इतिहासाचा विद्यार्थी म्हणून युद्धांच्या तारखा पाठ करताना एक प्रश्न मनात आला, तो काही केल्या जाईना. बुडणाऱ्या माणसाच्या नाकातोंडात जाणारे पाणी युद्धातही खारे आणि शांततेतही खारेच. मग आपल्या आठवणीत या दोन मरणांची किंमत इतकी वेगळी का?

प्रथम युद्धातल्या जहाजाविषयी. ९ डिसेंबर १९७१ च्या रात्री पावणेनऊच्या सुमारास दीवजवळच्या समुद्रात 'खुकरी' या आपल्या युद्धनौकेवर 'हँगोर' या पाकिस्तानी पाणबुडीने पाणतीर सोडला. काही मिनिटांत जहाज तळाला गेले. १८ अधिकारी आणि १७६ नौसैनिक मृत्यू पावले. कप्तान महेंद्रनाथ मुल्ला यांनी इतरांना जहाजाबाहेर काढले आणि स्वतः जहाजाबरोबर गेले. त्यांना मरणोत्तर महावीर चक्र मिळाले. दीवला स्मारक उभे राहिले. पुढे मुंबईच्या माझगाव डॉकमध्ये बांधलेल्या नव्या युद्धनौकेला तेच नाव दिले गेले आणि १९८९ पासून २०२१ पर्यंत दुसरी 'खुकरी' देशाच्या सेवेत राहिली. शिवाय पाणबुडीचा शोध चालू असताना जहाजाचा वेग कमी का ठेवला होता, याची चर्चाही नौदलाच्या इतिहासात झाली. म्हणजे मेलेल्यांना मान मिळाला, त्यांच्या जहाजाचे नाव पुढे चालले आणि चुकले कुठे याचा शोधही घेतला गेला. जिवंत समाजाने असेच वागायला हवे.

आता दुसरे जहाज पाहू. १७ जुलै १९४७, गुरुवार. अमावास्येचा सण तोंडावर आलेला. मुंबईच्या भाऊच्या धक्क्यावरून सकाळी आठच्या सुमारास 'रामदास' ही आगबोट रेवसला निघाली. प्रवास जेमतेम दीड तासाचा. बोटीत होती ती मुंबईत पोट भरणारी आणि सणाला घरी निघालेली अलिबाग-पेणकडची माणसे, व्यापारी, बायामुले. पावसाळी समुद्र खवळलेला होता. निघाल्यावर अर्ध्याच तासात, गल आयलंड नावाच्या खडकाळ बेटाजवळ, एका मोठ्या लाटेने बोट कलली. घाबरलेली माणसे एका बाजूला धावली, भार तिकडे गेला आणि बोट उलटली. सहाशेंहून अधिक माणसे बुडाली.

बोटीवर बिनतारी संदेशाची सोय नव्हती. मुंबईपासून काही मैलांवर शेकडो माणसे बुडत होती आणि मुंबईचा बाजार नेहमीसारखा चालू होता. पोहत किनाऱ्याला लागलेल्या माणसांनी सांगितले तेव्हा, दुपार उलटल्यावर, शहराला कळले. ज्यांचा जीव वाचला त्यांतल्या अनेकांना वाचवले ते मुंबईकडे मासळी घेऊन निघालेल्या कोळी बांधवांनी. पकडलेली मासळी त्यांनी समुद्रात लोटून दिली आणि तिच्या जागी माणसे भरली, असे सांगतात. ज्या कोळ्याचे घर त्या मासळीवर चालते, त्याने ती फेकून दिली, यातले मोल शेतकऱ्याच्या मुलाला वेगळे समजावून सांगावे लागत नाही.

आता तारखेकडे पाहा. पुढे अवघ्या २९ दिवसांनी देश स्वतंत्र झाला. फाळणी, स्वातंत्र्य, संस्थाने यांच्या धामधुमीत 'रामदास' वर्तमानपत्रातून बुडाली ती कायमचीच. आज भाऊच्या धक्क्यावरून लाँच पकडणाऱ्या किती प्रवाशांना ते नाव ठाऊक असेल? नौदलाने 'खुकरी' हे नाव पुन्हा मानाने पाण्यात उतरवले. 'रामदास' हे नाव मात्र रायगडाच्या किनाऱ्यावरच्या घराघरांत, आजी-पणजीच्या सांगण्यात तेवढे उरले. या किनाऱ्याला असा घाव नवा नव्हता. ११ नोव्हेंबर १९२७ रोजी 'जयंती' आणि 'तुकाराम' या दोन बोटी एकाच दिवशी बुडाल्या होत्या. तुकोबांच्या गाथा इंद्रायणीने तारल्या, असे आपण श्रद्धेने म्हणतो. परंतु बोटीला संतांचे नाव दिल्याने बोट तरत नाही. ती तरते योग्य भाराने, शाबूत यंत्राने आणि हवामान पाहून 'आज निघायचे नाही' असे म्हणण्याच्या धैर्याने.

इथे कोणी म्हणेल, अपघात हा अपघात. त्यात कोणाचा दोष? माझे म्हणणे नेमके इथेच सुरू होते. १९१२ साली 'टायटॅनिक' बुडाली. दीड हजारांवर माणसे गेली. तिच्यावर सर्वांना पुरतील इतक्या जीवरक्षक होड्या नव्हत्या आणि जवळच्या एका जहाजाचा बिनतारी यंत्रावरचा माणूस झोपी गेला होता. त्यातून धडा घेऊन १९१४ साली सागरी सुरक्षिततेचा पहिला आंतरराष्ट्रीय करार झाला. होड्या पुरेशा हव्यात, संदेशयंत्रावर अहोरात्र माणूस हवा, हे जगाने त्या वेळी मान्य केले. 'रामदास' बुडाली ती यानंतर ३३ वर्षांनी. करार महासागर ओलांडणाऱ्या मोठ्या जहाजांसाठी होता. चाकरमान्यांच्या रेवसच्या बोटीपर्यंत ते शहाणपण पोचलेच नव्हते. लाट दैवाने आली असेल. बिनतारी यंत्र नसणे हे मात्र दैव नव्हे.

युद्ध आणि अपघात यांतली रेघ आपण समजतो तितकी ठळकही नाही. १४ एप्रिल १९४४ रोजी मुंबईच्या व्हिक्टोरिया गोदीत 'फोर्ट स्टिकिन' या जहाजाचा स्फोट झाला. काळ महायुद्धाचा होता. परंतु त्या दिवशी मुंबईवर कोणा शत्रूने बाँब टाकला नव्हता. जहाजाच्या पोटात सुमारे १४०० टन स्फोटके होती आणि त्याच जहाजात कापसाच्या गाठी भरलेल्या होत्या. कापसाला आग लागली, ती आवरली नाही आणि दुपारी चारनंतर झालेल्या दोन स्फोटांत गोदी, आजूबाजूची जहाजे आणि वस्ती उद्ध्वस्त झाली. शेकडो माणसे गेली. त्यांत आग विझवायला धावलेले अग्निशमन दलाचे साठांहून अधिक जवान होते. त्यांच्या स्मरणार्थ १४ एप्रिलला अग्निशमन सेवा दिन आणि पुढे आठवडाभर सप्ताह पाळला जातो.

या जहाजाची कथा कुरकुंभच्या माणसाने लक्ष देऊन ऐकावी अशी आहे. आमच्या गावाला लागून औद्योगिक वसाहत आहे, रासायनिक कारखाने आहेत, आणि आगीच्या बातम्या आम्हाला नव्या नाहीत. रात्री भोंगा वाजला की घराबाहेर येऊन लोक धुराची दिशा पाहतात. कोणता माल कोणत्या मालाशेजारी ठेवू नये, हा प्रश्न १९४४ च्या गोदीत जितका जीवनमरणाचा होता तितकाच आज आमच्या गावच्या रस्त्यावरून जाणाऱ्या टँकरचाही आहे. म्हणून म्हणतो, जहाजे ही केवळ कोकणची आणि मुंबईची गोष्ट नव्हे.

मेलेल्यांपेक्षा मालाची आठवण अधिक टिकते, याचेही एक उदाहरण देतो. २० नोव्हेंबर १९४२ रोजी 'तिलावा' हे जहाज मुंबईहून पूर्व व दक्षिण आफ्रिकेकडे निघाले. त्यात बहुतांशी हिंदी प्रवासी होते. तीन दिवसांनी जपानी पाणबुडीने ते बुडवले. २८० जण मृत्यू पावले. ते प्रवासी सैनिक नव्हते, म्हणून युद्धाच्या इतिहासात त्यांना जागा मिळाली नाही. आणि मरण युद्धातले, म्हणून अपघाताच्या इतिहासातही नाही. परंतु त्या जहाजात २३६४ चांदीच्या लगडी होत्या. त्या मात्र कोणी विसरले नाही. २०१७ साली अडीच किलोमीटर खोल समुद्रातून त्या वर काढण्यात आल्या आणि त्यांच्यावरून दक्षिण आफ्रिकेच्या सरकारशी चाललेला दावा २०२४ साली ब्रिटनच्या सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला. चांदीला वकील मिळाले. माणसांची आठवण ठेवण्याचे काम त्यांच्या नातवंडांवर येऊन पडले.

माझ्या एका मित्राने या विचारावर आक्षेप घेतला. तो म्हणाला, "सैनिक देशासाठी मरतो, सणाला गावी निघालेला प्रवासी देशासाठी मरत नाही. दोघांना एका तागडीत तोलू नकोस." त्याचे म्हणणे अर्धे खरे आहे. मुल्लांच्या त्यागाला तोड नाही, आणि 'रामदास'च्या प्रवाशांना हुतात्मा म्हणावे असे माझेही म्हणणे नाही. ते मरायला निघालेच नव्हते. ते घरी निघाले होते. परंतु म्हणूनच त्यांचे देणे आपल्यावर अधिक आहे. सैनिकाला धोका ठाऊक असतो, त्याच्या हाती शस्त्र असते, समोर शत्रू असतो. प्रवाशाने केवळ तिकीट काढलेले असते. तिकीट घेताना त्याने आपला जीव विश्वासाने दुसऱ्याच्या हाती दिलेला असतो. तो विश्वास बुडाला तर त्याचा जाब विचारणारे कोणी नको का? शत्रूने जहाज बुडवले तर आपण शत्रूचे नाव विचारतो. शत्रू नसताना बुडाले तर आपण वर आकाशाकडे बोट दाखवतो आणि मोकळे होतो.

आणि हे सारे जुने झाले, असे कोणी समजू नये. मे २०२१ मध्ये तौक्ते वादळाचा इशारा आधी मिळालेला असतानाही तेलक्षेत्रातली 'पी-३०५' ही तराफा-नौका २६१ माणसांसह समुद्रातच होती. ती बुडाली आणि सत्तरांवर कामगार गेले. १८ डिसेंबर २०२४ रोजी घारापुरीला निघालेल्या 'नीलकमल' या बोटीवर नौदलाची चाचणी चाललेली वेगवान बोट आदळली. १५ जण मृत्यू पावले. 'नीलकमल'ला ८४ प्रवाशांची परवानगी होती आणि आत शंभराहून अधिक माणसे होती.

समुद्र सोडा, आपल्याच पाण्याकडे पाहा. पुणे-सोलापूर रस्त्याने कुरकुंभहून पुढे भिगवणला गेले की उजनीचे पाणी दिसू लागते. १९८० साली धरण पुरे झाले, पाणी पसरले, गावांमधले जुने रस्ते त्याखाली गेले आणि पलीकडच्या गावाला जायचे तर दूरचा वळसा किंवा होडी एवढेच उरले. २१ मे २०२४ च्या संध्याकाळी करमाळा तालुक्यातल्या कुगावहून इंदापूर तालुक्यातल्या कळाशीला येणारी होडी वादळी वाऱ्यात उलटली. सहा जण बुडाले. त्यांत लहान मुलेही होती. एकजण पोहून काठाला लागला म्हणून बातमी तरी कळली. 'रामदास'ची बातमीही अशीच पोहत आली होती. मधे ७७ वर्षे गेली, माणूस चंद्रावर जाऊन आला. आणि भीमेच्या पाण्यात बुडणाऱ्याची खबर अजून पोहतच येते.

मित्रहो, माझी मागणी फार मोठी नाही. आपल्या महाविद्यालयात ९ डिसेंबरला 'खुकरी'च्या वीरांना वंदन व्हावे; आणि १७ जुलैला 'रामदास'साठी एक तास राखावा. त्या तासात हार-भाषणे नकोत. भूगोलाच्या प्राध्यापकांनी उजनीचा नकाशा लावावा, इतिहासाच्या प्राध्यापकांनी 'रामदास' सांगावी आणि विद्यार्थ्यांनी आपापल्या गावची माहिती आणावी: आपल्या काठावर होड्या किती, त्यांत माणसे किती बसतात, जॅकेटे किती आहेत, वारा सुटला की होडी थांबवण्याचा अधिकार कोणाला आहे. ज्यांच्या गावाला पाणी नाही, आम्हा कुरकुंभकरांसारख्यांनी, भोंगा वाजल्यावर गावाने कुठे जायचे याची चौकशी करून यावे. ही माहिती तहसील कचेरीत नेऊन द्यावी आणि पुढच्या वर्षी पुन्हा विचारावे.

होडीत पाय ठेवताना नावाड्याला "किती माणसे घेतोस? जॅकेट आहे का?" असे विचारले तर तो हसेल, बरोबरचे प्रवासीही 'आला मोठा शहाणा' म्हणतील. म्हणू द्यावे. एकट्याच्या प्रश्नाने कोणतीच बोट तरत नाही, हे मलाही कळते. परंतु काठावर उभे असलेले पन्नास जण तोच प्रश्न विचारू लागले, तर होडी त्या दिवशी निदान उशिरा तरी सुटेल. उशिरा पोचलेल्या माणसाची बातमी कोणी छापत नाही, आणि त्याच्या घरच्यांना ती छापून यायला नकोच असते.