समोर कोण होते?

पटाच्या पलीकडे कोण बसले आहे हे ठाऊक नसतानाही खेळ मांडावा, ही गोष्ट आमच्या पिढीला नवलाची वाटत असे; आजच्या मुलांना ती श्वास घेण्याइतकी सहज वाटते. कबड्डीत प्रतिस्पर्ध्याचा दम ऐकू येई, कुस्तीत त्याच्या हाताची पकड जाणवे, बुद्धिबळात त्याच्या कपाळावरची आठी दिसे. आता मोबाइलच्या पडद्यावर एक टोपणनाव, एक चिमुकला ध्वज आणि गुणांकनाचा आकडा एवढेच दिसते. डाव संपतो, समोरचा नाहीसा होतो, आणि हरलेला वा जिंकलेला मुलगा क्षणभर थबकून विचारतो, “समोर कोण होते?”

हा प्रश्न पोरकट नाही. किंबहुना या एका प्रश्नाच्या पोटात दोन निराळे प्रश्न दडलेले आहेत, आणि त्यांची गल्लत झाली की अनर्थ होतो, असे आमचे मत आहे. पहिला प्रश्न असा : समोर माणूस होता काय, आणि तो स्वतःच्या बुद्धीने खेळला काय? दुसरा प्रश्न असा : तो माणूस कोण, कुठला, कोणाचा? पहिल्याचे उत्तर मागण्याचा हक्क प्रत्येक खेळाडूला आहे. दुसऱ्याचे उत्तर मागण्याचा हक्क कोणालाही नाही. ते द्यावे की न द्यावे, हे ज्याचे त्याने ठरवायचे आहे. आणि ते कळल्यानंतर आपण कसे वागतो, यावरून आपली परीक्षा व्हायची आहे.

समोर माणूस की यंत्र, हा संशय संगणकाहूनही जुना आहे. सन १७७० मध्ये वुल्फगांग फॉन केम्पेलेन याने व्हिएन्नाच्या दरबारात बुद्धिबळ खेळणारे एक यंत्र सादर केले. मोठ्या पेटीमागे तुर्की पोशाखातला एक बाहुला बसलेला असे आणि तो हात हलवून सोंगट्या सरकवी. युरोप-अमेरिकेत त्याचे खेळ झाले. १८०९ मध्ये खुद्द नेपोलियन त्याच्यासमोर बसला. १८५४ साली फिलाडेल्फिया येथील आगीत ते यंत्र जळून गेले. यंत्र असे ते नव्हतेच. पेटीच्या आत एक निष्णात बुद्धिबळपटू अंग चोरून बसत असे. त्या काळी यंत्राच्या आत माणूस लपत होता. आज माणसाच्या नावाआड यंत्र लपते, एवढाच काळाचा फरक.

हा उलटा प्रकार किती थक्क करणारा असू शकतो, हे ‘गो’ या प्राचीन पूर्व आशियाई खेळात दिसले. डिसेंबर २०१६ च्या अखेरीस कोरिया आणि चीनमधील ऑनलाइन गो-मंचांवर ‘मास्टर’ नावाचा एक अनोळखी खेळाडू अवतरला आणि एकामागून एक अव्वल व्यावसायिकांना हरवत सुटला. चीनचा अग्रगण्य खेळाडू को जिए यालाही त्याने नमवले. गु ली या नामवंत खेळाडूने तर ‘मास्टर’ला हरवणाऱ्यास एक लाख युआनचे बक्षीस जाहीर केले. ते कोणालाच मिळाले नाही. साठ विजय झाले, पराभव एकही नाही. ४ जानेवारी २०१७ रोजी डीपमाइंड कंपनीचे प्रमुख डेमिस हसाबिस यांनी जाहीर केले की ‘मास्टर’ म्हणजे त्यांच्या अल्फागो या संगणकप्रणालीची नवी आवृत्ती होय. याच प्रणालीच्या आधीच्या आवृत्तीने मार्च २०१६ मध्ये सोल येथे ली सेडॉल याला चार विरुद्ध एक असे हरवले होते.

हरलेल्यांनी पुढे काय केले, हे आम्हांला अधिक मोलाचे वाटते. त्यांनी ते साठ डाव पुन्हा पुन्हा मांडून अभ्यासले. पूर्वी कच्च्या समजल्या जाणाऱ्या काही चाली, विशेषतः डावाच्या आरंभीच कोपऱ्यात घुसण्याची चाल, ‘मास्टर’मुळे थोरामोठ्यांच्या खेळात रुजली. समोर कोण होते हे कळल्यावर कुढत न बसता त्या पराभवाला गुरू करता येते, हा धडा आमच्या मुलांनी जरूर घ्यावा. तथापि एक गोष्ट विसरता येत नाही. ज्यांच्यावर हा प्रयोग झाला, त्यांपैकी बहुतेकांना आपण यंत्राशी खेळत आहोत हे खेळताना सांगितले गेले नव्हते. प्रयोग कितीही थोर असो, ज्याच्याशी खेळायचे त्याला ते कळणे हा त्याचा हक्कच आहे.

जिथे थोर प्रयोगही नसतो आणि निव्वळ फसवणूक असते, तिथे तर बोलायलाच नको. जून २०२१ मध्ये कोविडग्रस्तांच्या मदतीसाठी विश्वनाथन आनंद यांच्याशी काही नामवंतांचे ऑनलाइन डाव झाले. त्यांपैकी एका तरुण उद्योजकाने आनंद यांना हरवले, आणि दुसऱ्याच दिवशी संगणकाची व इतरांची मदत घेतल्याचे त्यालाच कबूल करावे लागले. कार्य चांगले होते, रंजनासाठी डाव मांडला होता, हे सारे खरे. परंतु आनंद ज्या एका माणसाशी खेळत होते असे मानत होते, त्याच्या जागी माणूस, त्याचे सल्लागार आणि यंत्र असा मेळावा बसला होता.

बुद्धिबळाच्या मोठ्या ऑनलाइन मंचांवर खेळाडूच्या चाली संगणकाच्या चालींशी ताडून पाहिल्या जातात, प्रत्येक चालीला लागलेला वेळही तपासला जातो. लबाडी उघड झाली की ते खाते बंद होते आणि त्याच्याकडून हरलेल्यांना गमावलेले गुण परत मिळतात. असा निरोप आला म्हणजे मुलाला कळते की गेल्या आठवड्यात आपण ज्याच्यापुढे मान खाली घातली, तो मुळी खेळतच नव्हता. गुण परत मिळतात. त्या रात्री स्वतःच्या बुद्धीवर घेतलेला संशय मात्र कोणी परत घेत नाही. लबाडीचे खरे नुकसान हे आहे.

याची दुसरी बाजूही पालकांनी जाणून घ्यावी. शंभर जण मैदानात उतरतात आणि शेवटी एक उरतो, अशा लढाईच्या मोबाइल खेळांत नवख्या खेळाडूसमोर अनेकदा माणसांऐवजी संगणकाने चालवलेली बाहुली उतरवली जातात. नवख्याला लवकर जिंकल्याचा आनंद मिळावा आणि तो खेळाला चिकटून राहावा, हा त्यामागचा हिशोब असतो. तेव्हा मुलगा अभिमानाने “मी नव्याण्णव जणांना मागे टाकले” असे सांगू लागला, तर त्याला रागे भरू नये. त्या नव्याण्णवांत माणसे किती असतील, एवढाच प्रश्न शांतपणे विचारावा. विचार करायला तेवढे पुरते.

आता दुसऱ्या प्रश्नाकडे वळू. समोर माणूसच होता, आणि तो प्रामाणिकपणे खेळला, हे मान्य झाले. मग तो कोण होता?

या जिज्ञासेला मोठ्या नावाची ओढ असते. इंग्लंडचे ग्रँडमास्टर नायजेल शॉर्ट हे १९९३ च्या विश्वविजेतेपदाच्या लढतीत कास्पारोव्हसमोर बसलेले खेळाडू. २००१ साली त्यांनी एका ब्रिटिश वृत्तपत्रात लिहिले की इंटरनेटवर आपण एका अनामिकाशी झटपट डाव खेळलो आणि तो बॉबी फिशर असल्याची आपली खात्री आहे. फिशर १९७२ चे जगज्जेते. १९९२ नंतर ते जगासमोर खेळलेले नव्हते. त्या अनामिकाने आरंभी विचित्र, हास्यास्पद वाटाव्यात अशा चाली करूनही आठच्या आठ डाव जिंकले. शॉर्ट यांनी त्याला एका मेक्सिकन खेळाडूचे नाव घेऊन ओळखतोस का, असे विचारले, ताबडतोब उत्तर आले, “सीगेन १९७०.” फिशर त्या खेळाडूशी त्याच गावी, त्याच वर्षी खेळले होते. पुढे फिशर यांनी तो आपण नव्हेच असे सांगितले आणि कोणी तरी संगणकाच्या साहाय्याने खेळला असावा, असा अनेकांचा कयास झाला. फिशर समोर असल्याच्या कल्पनेने तो पराभव भाग्याचा ठरला होता. फिशर नव्हे म्हणताच तोच पराभव संशयाचा झाला. डाव तेच, चाली त्याच. नाव बदलताच त्यांचे मोल बदलले.

नावाने मोल बदलते, हे आमच्या समाजाला कोणी नव्याने सांगायला नको. भाड्याची खोली पाहायला गेल्यावर, नव्या कचेरीत रुजू झाल्यावर “पूर्ण नाव काय?” असे विचारणाऱ्याला नेमके काय हवे असते, हे आमच्या माजी विद्यार्थ्यांना पक्के ठाऊक आहे. त्यामुळे जिथे आडनाव विचारलेच जात नाही अशा पटावर आमच्या मुलांना मोकळे वाटले, तर त्यात नवल नाही. अनेक मुलीही याच कारणाने मुलाचे वाटावे असे टोपणनाव घेतात आणि आवाजाने बोलण्याची सोय बंद ठेवतात. त्यांना लपायचे नसते; त्यांना केवळ खेळायचे असते.

या मोकळेपणाचे उजळ रूप नॉर्वेतील मॅट्स स्टीन या तरुणाच्या आयुष्यात दिसते. त्याला स्नायू क्षीण करत नेणारा ड्युशेन हा आजार होता. तो चाकांच्या खुर्चीवर असे आणि ‘वर्ल्ड ऑफ वॉरक्राफ्ट’ या खेळात दिवसाचे कित्येक तास घालवी. मुलगा एकाकी गेला, अशी त्याच्या आईवडिलांची समजूत होती. २०१४ साली पंचविसाव्या वर्षी तो गेला, तेव्हा त्यांनी त्याच्या अनुदिनीवर निधनाची वार्ता लिहिली, आणि देशोदेशींहून शोकसंदेशांचा ओघ सुरू झाला. खेळात ‘इबेलिन’ नावाने वावरणाऱ्या या तरुणाने कोणाला दुःखात धीर दिला होता, कोणा आईला आपल्या मुलाशी पुन्हा बोलते केले होते. त्याच्या खेळगटातील काही जण अंत्यविधीला ऑस्लोत आले. त्याने बराच काळ सोबत्यांना आपला आजार कळू दिला नव्हता. त्यांनी आधी माणूस ओळखला, शरीर नंतर. आधी शरीर कळले असते तर इतकी माणसे त्याला लाभली असती का, हा प्रश्न आम्ही वाचकांवर सोडतो.

परंतु नाव झाकून मिळणारी समता पुरेशी आहे काय? येथे पुण्यातील पाळवणकर बाळू यांची आठवण होते. चर्मकार समाजात जन्मलेले बाळू मैदानाची निगा राखता राखता युरोपियन खेळाडूंना सरावासाठी चेंडू टाकू लागले आणि आपल्या काळचे श्रेष्ठ डावखुरे फिरकी गोलंदाज झाले. १९११ च्या इंग्लंड दौऱ्यात त्यांनी शंभराहून अधिक बळी घेतले. पुण्यात हिंदू संघाला त्यांची गोलंदाजी हवी होती, म्हणून मैदानात एकच चेंडू हातोहाती फिरे. चहापानाच्या वेळी मात्र बाळूंना चहा बाहेर, वेगळ्या मातीच्या भांड्यातून दिला जाई. समोर कोण आहे, हे तिथे प्रत्येकाला ठाऊक होते, आणि खेळाने ती रेघ आपोआप पुसली नाही. पुढे १९२३ मध्ये त्यांचे बंधू विठ्ठल यांच्याकडे हिंदू संघाचे कर्णधारपद आले. तेही आपोआप नव्हे, वर्षानुवर्षांच्या आग्रहानंतर आणि झगड्यानंतर.

बाळूंच्या मैदानावर नाव होते, समता नव्हती. आजच्या पडद्यावर समता आहे, पण नाव झाकलेले असेपर्यंतच. आम्हांला यांपैकी एकावर समाधान मानता येणार नाही. आमच्या मुलाने टोपणनाव घ्यावे ते हौसेने, भीतीने नव्हे. आणि डाव संपल्यावर समोरचा नऊ वर्षांची मुलगी आहे, खेड्यातल्या वसतिगृहातला मुलगा आहे किंवा खुर्चीला खिळलेला रुग्ण आहे, असे कळले तर पराभव अधिक बोचू नये. बोचला, तर खोट त्या पटात नाही. ती आपल्या मनात आहे, आणि ती शोधून काढण्याची संधी त्या पटाने दिली, असे समजावे.

हे सारे लिहिताना सावधगिरीचा विसर पडून चालणार नाही. नाव सांगणे हा मुलाचा हक्क आहे, तसा न सांगणे हाही आहे. दोन डावांच्या ओळखीवर जो गाव, शाळा, छायाचित्र वा घरचा क्रमांक मागतो, तो खेळाडू नव्हे, असे मुलांनी मानावे आणि घरी किंवा अधीक्षकांना सांगावे. सांगितल्याबद्दल मोबाइल काढून घेतला जाईल अशी धास्ती मात्र मुलाला वाटता कामा नये. नाही तर पुढच्या वेळी तो सांगणारच नाही.

पालकांना आणि माजी विद्यार्थ्यांना आमची विनंती एवढीच. मुलगा खेळून उठला की “जिंकलास की हरलास?” याबरोबर “समोरचा प्रामाणिकपणे खेळला का, आणि तू?” हेही विचारा. तो कोणत्या गावचा, कोणत्या घरचा, हे विचारू नका. ते त्याला सांगावेसे वाटले, तर ऐकून घ्या आणि पुढचा डाव आधीच्याच आदराने मांडायला शिकवा.